बाबूराव पेंटरांचा 'सावकारी पाश'



काल नांदेडला याच विषयावर आमचे व्याख्यान झाले. ते संपल्यावर एक वृद्ध गृहस्थ काठी टेकीत व्यासपीठापाशी आले आणि म्हणाले, "तुमी तासभर ज्या सिनेमाचं कौतुक केलं, तो बघायला कुठं भेटंल?" आम्ही म्हणालो, "कुठेच नाही. त्याची प्रत आता उरलेली नाही." ते क्षणभर थांबले. "मंजे तुमीबी बघितला न्हाई," असे म्हणाले. आम्ही कबूल केले. त्यावर ते हसले नाहीत, की रागावले नाहीत. "मग ते आधी सांगावं," एवढेच बोलून ते निघून गेले.

म्हणून आज आधीच सांगतो. ज्या चित्रपटाविषयी आम्ही बोलणार आहोत, तो आम्ही पाहिलेला नाही. तुमच्यापैकीही कोणी पाहिलेला असण्याचा संभव नाही. तो १९२५ साली कोल्हापुरात निघाला, त्याचे नाव 'सावकारी पाश', आणि तो काढणाऱ्या माणसाचे नाव बाबूराव पेंटर.

'पेंटर' हे काही त्यांचे आडनाव नव्हे. आडनाव मेस्त्री. ३ जून १८९० रोजी कोल्हापुरात कारागिराच्या घरी त्यांचा जन्म झाला. चित्रकला, शिल्पकला ते आपले आपण शिकले. कोणत्याही कलाशाळेची पदवी त्यांच्या नावामागे नाही. आनंदराव हे त्यांचे चुलत बंधू. दोघे भाऊ मिळून नाटक मंडळ्यांचे पडदे रंगवीत. संगीत नाटकाच्या भरभराटीचा तो काळ. राजवाडा, अरण्य, नदीकाठ, सारे पडद्यावर रंगवलेले असे, आणि पडदा उलगडला की गाणे सुरू होण्याआधी पडद्यालाच टाळ्या पडत. त्या टाळ्यांनी या दोघा भावांना 'पेंटर' ही पदवी दिली. आपल्याकडे विद्यापीठाने दिलेली पदवी नावाच्या मागे लागते आणि लोकांनी दिलेली आडनाव गिळून बसते, हे बाबूरावांच्या बाबतीत अगदी खरे झाले.

दादासाहेब फाळक्यांचा 'राजा हरिश्चंद्र' ३ मे १९१३ रोजी मुंबईच्या कॉरोनेशन थिएटरात लागला, ही तारीख शाळेतल्या मुलांनाही पाठ असते आणि ती असावीच. फाळके त्र्यंबकेश्वरचे. विलायतेला जाऊन त्यांनी कॅमेरा आणला, विद्या आणली आणि भारतीय चित्रपटाचा पाया घातला. त्यांचे श्रेय तसूभरही कमी करण्याचा आमचा हेतू नाही. पण पाया घालणे ही एक गोष्ट झाली आणि त्या घरात आपली माणसे राहायला येणे ही दुसरी. फाळक्यांच्या पडद्यावर देव आले, राजे आले, ऋषी आले. ज्याचा सातबारा दुसऱ्याच्या पेटीत पडला आहे असा माणूस यायला अजून बारा वर्षे लागायची होती.

फाळक्यांचा चित्रपट पाहून पेंटर बंधूंना एकच ध्यास लागला. मात्र विलायतेला जाण्याइतका पैसा त्यांच्यापाशी नव्हता. तेव्हा कॅमेरा आपणच बनवायचा असे त्यांनी ठरवले! आनंदराव त्या खटपटीत असतानाच १९१६ साली वारले. बाबूराव खचले, पण त्यांनी काम सोडले नाही. विष्णुपंत दामले या आपल्या शिष्याला हाताशी धरून त्यांनी तो कॅमेरा पुरा केला. श्रोतेहो, कॅमेरा म्हणजे नुसती पेटी नव्हे. फीत एका वेळी एकच चौकट पुढे सरकली पाहिजे, भिंग उघडे असताना ती निश्चल राहिली पाहिजे, आणि हाताने फिरवलेल्या दांड्याची गती सतत सारखी राहिली पाहिजे. यात केसाएवढी चूक झाली तरी पडद्यावरचा माणूस थरथरू लागतो. हे सारे दात, चाके आणि खिट्ट्या कोल्हापुरात हातांनी घडवल्या गेल्या. स्वदेशीवर भाषणे करणारे पुष्कळ होते. या दोघांनी भाषण केल्याचे ऐकिवात नाही.

१९१७ च्या अखेरीस महाराष्ट्र फिल्म कंपनी उभी राहिली. तिला भांडवलाचा हात दिला तो तानीबाई कागलकर या गायिकेने. चित्रपटाच्या इतिहासात हे नाव एका ओळीत उरकले जाते, म्हणून आम्ही ते मुद्दाम सावकाश उच्चारतो. गाण्यावर मिळवलेला पैसा एका बाईने अशा धंद्यात घातला की जो धंदा आहे की वेड आहे, हे अजून कोणालाच ठरवता आले नव्हते.

कंपनीचा पहिला चित्रपट 'सैरंध्री' १९२० च्या फेब्रुवारीत पुण्याच्या आर्यन थिएटरात लागला. 'राजा हरिश्चंद्रा'त तारामतीचे काम साळुंके नावाच्या पुरुषाने केले होते. फाळक्यांना पुढच्याच चित्रपटात स्त्रिया मिळाल्या, पण तो प्रकार तेव्हाही दुर्मीळच होता. 'सैरंध्री'त गुलाबबाई आणि अनसूयाबाई या स्त्रियांनी कामे केली. त्यासाठी समाजाचा किती राग सोसावा लागला असेल, ते आमच्यापेक्षा इथल्या मातांना अधिक समजेल. आता विषय पाहा. कीचकाचा वध! खाडिलकरांच्या 'कीचकवध' नाटकावर इंग्रज सरकारने १९१० साली बंदी घातली होती, कारण कीचक म्हणजे कर्झन हे प्रेक्षकाला कोणी सांगावे लागत नव्हते. तोच कीचक बाबूरावांनी पडद्यावर मारला, आणि तो प्रसंग इतका हुबेहूब वठला की पुढे त्याला कात्री लागली. लोकमान्यांनी चित्रपट पाहून बाबूरावांना 'सिनेमा केसरी' ही पदवी दिली. त्यानंतर सहा महिन्यांच्या आत लोकमान्य गेले.

बाबूराव चित्रण सुरू करण्याआधी प्रत्येक प्रसंग कागदावर रेखाटून ठेवीत. पात्र कोठे उभे राहील, उजेड कोठून पडेल, अंगावरचे वस्त्र कसे पडेल, सारे आधी चित्रात. जाहिरातीची भित्तिचित्रे स्वतः रंगवीत. पण त्यांची खरी करामत निराळी आहे. तोवर चित्रपटातला महाल म्हणजे मागे टांगलेला रंगीत पडदाच असे. बाबूरावांनी तो पडदा काढून टाकला आणि त्या जागी भिंती उभ्या केल्या, खांब उभे केले, दार उघडून आत जाता येईल अशी घरे बांधली. ज्या माणसाने पडदे रंगवून नाव मिळवले त्यानेच चित्रपटातून पडदा हद्दपार केला! आपल्या हातच्या कसबावर असे पाणी सोडायला धैर्य लागते. चित्रपटात माणूस दाखवायचा तर तो राहतो ते घर खोटे असून चालणार नाही, हे त्यांना उमगले होते. १९२३ च्या 'सिंहगड'मध्ये त्यांनी कृत्रिम प्रकाशात चित्रण केले. रात्रीचा गड, दोर आणि मावळे दाखवायचे तर भर दुपारच्या उन्हावर भागत नव्हते.

'सिंहगड'ची कथा हरि नारायण आपट्यांच्या 'गड आला पण सिंह गेला' वरून घेतलेली आहे. 'सावकारी पाश'ची कथा नारायण हरि आपट्यांची. ही दोन नावे उलटसुलट होतात. काल नांदेडला आमच्याच तोंडून झाली आणि पहिल्या रांगेतल्या एका शिक्षकांनी तिथल्या तिथे कान पकडला. हरिभाऊ १९१९ साली वारले. नारायणराव त्यांच्याहून पंचवीस वर्षांनी लहान. पुढे 'कुंकू' ज्या 'न पटणारी गोष्ट' या कादंबरीवरून निघाला, ती याच नारायणरावांची.

आता 'सावकारी पाश'. गोष्ट दोन वाक्यांची आहे. एक भोळा शेतकरी सावकाराच्या कागदात अडकतो आणि जमीन गमावून बसतो. मग गाव सोडून शहरात जातो आणि गिरणीत मजुरी करू लागतो. शेतकऱ्याचे काम करणारा तरुण होता शांताराम वणकुद्रे, म्हणजे पुढचे व्ही. शांताराम. सावकार झाले होते झुंझारराव पवार.

इतक्या साध्या गोष्टीत मोठे ते काय? ते पाहायला त्या काळात जावे लागेल. सामाजिक चित्रपट त्याआधी निघाले नव्हते असे नाही. कलकत्त्याला धीरेन गांगुलींनी १९२१ साली विलायतेहून परतलेल्या बाबूची टर उडवली होती. पण ती शहरी, शिकल्या माणसाची थट्टा होती. देशातली बहुसंख्य माणसे ज्या एका गोष्टीच्या भीतीने रात्री जागी राहत होती, ती गोष्ट, म्हणजे कर्जाचा कागद, पडद्यावर आणण्याची कल्पना कोल्हापूरच्या या चित्रकाराला सुचली. १८७५ च्या मे महिन्यात पुणे जिल्ह्यातल्या सुप्याला शेतकऱ्यांनी उठाव केला तेव्हा त्यांचा रोख माणसांपेक्षा कागदांवर होता. वह्या आणि रोखे बाहेर काढून त्यांनी जाळले. १८७९ साली सरकारला दख्खनच्या शेतकऱ्यांसाठी कायदा करावा लागला. म्हणजे हे दुःख पन्नास वर्षे सरकारी दप्तरात होते. पडद्यावर यायला १९२५ साल उजाडले.

त्या वेळी तुमचे लातूर आणि नांदेड, दोन्ही निजामाच्या राज्यात होती. गहाणखत, खरेदीखत, मुदतखरेदी हे शब्द येथील शेतकऱ्याला शिकवावे लागत नव्हते. दरबारचा कारभार उर्दूत, शेतकरी मराठी, अंगठा डाव्या हाताचा. कागदावर काय लिहिले आहे ते वाचणारा माणूस अन् ते लिहिणारा माणूस बहुधा एकच असे. ज्याची जमीन गेली तो आपल्याच शेतावर सालगडी म्हणून राहिला, अशा कथा या भागात घरोघर निघतील. आणि गाव सोडून गिरणीची वाट धरणे म्हणजे काय, ते नांदेडच्या एकेकाळच्या उस्मानशाही मिलच्या भोंग्यावर ज्यांच्या घरची चूल पेटत होती त्यांना विचारावे. बाबूरावांचा शेतकरी कोल्हापूरकडचा असेल. त्याचा कागद मात्र तुमच्याच गावचा होता.

येथे आम्हांला सातासमुद्रापलीकडे जाऊन यावे लागेल, कारण 'सावकारी पाश' न पाहता तो काय असेल याचा अंदाज आम्हांला जर कशाने आला असेल, तर तो एका आफ्रिकी चित्रपटाने. सेनेगल हा पश्चिम आफ्रिकेतला देश १९६० साली फ्रेंचांच्या अंमलाखालून सुटला. तिथले उस्मान सेंबेन हे मासेमारी केलेले, गवंडीकाम केलेले, फ्रेंच सैन्यात लढलेले आणि मग मार्सेय बंदरात ओझी वाहिलेले गृहस्थ. ते कादंबरीकार झाले, चांगले नाव मिळवले, आणि मग त्यांच्या ध्यानात आले की आपण ज्यांच्याविषयी लिहितो त्यांना आपली पुस्तके वाचता येत नाहीत. चाळिशीच्या उंबरठ्यावर ते मॉस्कोला जाऊन चित्रपटाचे तंत्र शिकले. सिनेमा ही आपल्या लोकांची रात्रशाळा आहे असे ते मानीत.

त्यांनी १९६३ साली 'बोरोम सारेत' हा जेमतेम वीस मिनिटांचा चित्रपट काढला. डाकार शहरातला एक गरीब गाडीवान आहे. घोड्याची गाडी हाकतो. सकाळी घरातून उपाशी निघतो. गाडीत बसणारे बरेचसे फुकटेच. कोणी हात मिळवून उतरून जातो. जे चार पैसे हाती येतात ते एका भाटाने पूर्वजांची स्तुती गायल्यावर तो त्याला देऊन टाकतो. कुळाचा अभिमान पोटापेक्षा मोठा! एक बाप आपले मेलेले मूल घेऊन गाडीत बसतो. शेवटी एक सुटाबुटातला गृहस्थ त्याला शहराच्या श्रीमंत भागात नेतो. तिथे गाड्यांना मनाई आहे. पोलीस येतो, गाडी जप्त होते. गाडीवान नुसता घोडा धरून घरी परततो. बायको मूल त्याच्या हाती देते आणि आज रात्री आपण जेवू म्हणून बाहेर पडते. ती कोठे जाते, चित्रपट सांगत नाही.

हे पाहताना आम्ही मनाशी म्हणालो, हा आपला माणूस आहे. याची गाडी गेली, आपल्याची जमीन गेली. पुढे १९६८ साली सेंबेननी 'मंडाबी' काढला, तो फ्रेंचमध्ये नव्हे तर वोलोफ या लोकभाषेत. एका अशिक्षित माणसाला पुतण्याची मनीऑर्डर येते, पण ती सोडवायला ओळखपत्र हवे, ओळखपत्राला जन्माचा दाखला हवा, आणि दाखल्याला जन्मतारीख हवी. पैसे शेवटी दुसराच कोणी घशात घालतो. तहसील कचेरीच्या ओट्यावर दिवस काढलेल्या कोणाही माणसाला हा चित्रपट भाषांतराशिवाय कळेल. सेंबेननी आपले चित्रपट बरोबर घेऊन खेडोपाडी दाखवले, लोकांशी वाद घातले. एका चित्रपटावर त्यांच्याच देशाच्या सरकारने बंदी घातली, तरी ते हटले नाहीत. २००७ साली ते वारले तेव्हा साऱ्या आफ्रिकेने त्यांना आपल्या सिनेमाचा जनक मानले होते.

आणि आमचा बाबूराव? त्याने तोच गाडीवान, तोच शेतकरी सेंबेनच्या अडतीस वर्षे आधी पडद्यावर आणला, तेही परक्या राजवटीत आणि हाताने बनवलेल्या कॅमेऱ्याच्या पुण्याईवर उभ्या राहिलेल्या कंपनीतून. मग तो त्याच वाटेने पुढे का गेला नाही?

याचे उत्तर आम्हां मराठी प्रेक्षकांना फारसे भूषणावह नाही. 'सावकारी पाश' चालला नाही. जाणत्यांनी वाखाणला, पण चमत्कार, आकाशमार्गे जाणारे देव आणि लढाया पाहायला सरावलेल्या प्रेक्षकाला आपल्याच अंगणातले दुःख आणे मोजून बघावेसे वाटले नाही. बाबूराव पुन्हा पुराणाकडे आणि इतिहासाकडे वळले. आम्ही पूर्वी याबद्दल त्यांना मनात दोष देत असू. आता देववत नाही. कंपनीत पगारावरची माणसे होती. आणि प्रेक्षकालाही सरसकट झोडपणे बरोबर नव्हे. दिवसभर सावकाराच्या दारात बसून आलेल्या माणसाने रात्री तिकीट काढून पुन्हा सावकारच का पाहावा, असे कोणी विचारले तर आमच्यापाशी चटकन देण्यासारखे उत्तर नाही. माळेगावच्या यात्रेत तंबूतले सिनेमे ज्यांनी पाहिले असतील, त्यांनी आपण कोणत्या खेळाला रांग लावली होती ते आठवून पाहावे. आम्ही तरी देवाच्याच खेळाला लावली होती.

एक गोष्ट मात्र नोंदवायला हवी. पुराणाकडे पाहतानाही बाबूरावांची दृष्टी पोटावर होती. १९२२ साली त्यांनी दामाजीपंतांवर चित्रपट काढला होता. दुष्काळात बादशाही कोठारे उघडून धान्य लोकांत वाटणारा मंगळवेढ्याचा दामाजी! ज्या बीदरच्या दरबारात त्याला जाब द्यावा लागला ते बीदर येथून काही फार लांब नाही. चमत्कार त्या कथेत आहेच, विठू महार होऊन देव पैसे भरतो. पण चमत्काराच्या मागे भुकेलेल्या माणसांची रांग उभी आहे, आणि ती नजर पुढे तीन वर्षांनी चमत्कार बाजूला सारून शेतकऱ्याच्या खोपटात शिरली.

१९२९ साली दामले, फत्तेलाल, शांताराम आणि धायबर हे बाबूरावांचे सहकारी बाहेर पडले, आणि सीताराम कुलकर्ण्यांसह त्यांनी कोल्हापुरातच प्रभात फिल्म कंपनी काढली. पुढली कथा सर्वांना ठाऊक आहे. दामले-फत्तेलालांचा 'संत तुकाराम' १९३७ साली व्हेनिसला गौरवला गेला. त्या तुकारामाच्या घरातली चूल, म्हैस, कावलेली आवली पाहा. हे घर खरे वाटते, कारण ते उभे करणारे हात बाबूरावांच्या कारखान्यात तयार झाले होते. महाराष्ट्र फिल्म कंपनीने मात्र बोलपटाच्या लाटेत दम सोडला. बाबूराव मिळेल तिथे दिग्दर्शन करीत राहिले, चित्रे काढीत राहिले, पुतळे घडवीत राहिले. १९४७ चा 'लोकशाहीर रामजोशी' त्यांच्या आणि शांतारामांच्या नावावर आहे. एकेकाळचा तो तरुण शेतकरी आता स्वतःच्या संस्थेचा मालक होता आणि गुरू त्याच्याकडे कामाला. कोणाला यात दैवाचा खेळ दिसेल. आम्हांला त्यात एका कारागिराचा निरहंकार दिसतो. १६ जानेवारी १९५४ रोजी ते कोल्हापुरात वारले.

आता काल नांदेडच्या गृहस्थांनी विचारलेल्या प्रश्नाकडे येतो. आपल्या देशात सुमारे तेराशे मूकपट निघाले. त्यांपैकी आज पुरे-अपुरे मिळून तीसच्या आसपास हाती आहेत. त्या काळची फीत नायट्रेटची, म्हणजे जवळजवळ दारूगोळ्याच्या जातीची. उष्णतेने पेट घेई, दमट हवेने चिकट होऊन भुकटी होई. आणि फितीवर चांदीचा थर असे. खेळ संपला, मागणी सरली, की कित्येक फिती धुऊन त्यांची चांदी काढून विकली गेली. पुण्याला सरकारी चित्रपट संग्रहालय स्थापन झाले ते १९६४ साली. तोवर व्हायचे ते नुकसान होऊन गेले होते. सेनेगलचा गाडीवान आज कोणीही पाहू शकतो, त्याची प्रत नीट दुरुस्त करून ठेवली आहे. आमचा शेतकरी जमिनीलाही मुकला आणि पडद्यालाही.

त्याचा कागद मात्र शाबूत आहे. सावकारी नियमनाचा नवा कायदा महाराष्ट्रात २०१४ साली झाला. सावकाराने कर्जापोटी बळकावलेली जमीन परत देण्याची तरतूद त्यात करावी लागली, यावरूनच काय ते समजावे. त्यानंतर दोनच वर्षांनी, २०१६ च्या एप्रिलमध्ये, मिरजेहून पाण्याची आगगाडी तुमच्या या लातूर स्टेशनात आली. दुष्काळात विहीर आटली की पहिली खेप पाण्याला आणि दुसरी खेप उचल मागायला, हा क्रम इथे कोणाला समजावून सांगण्याची गरज नाही. मध्यंतरी 'गाभ्रीचा पाऊस'सारखे चित्रपट मराठीत निघाले, शेतकऱ्याच्या आत्महत्येकडे डोळे उघडे ठेवून पाहणारे. चांगली गोष्ट आहे. ते इथे किती दिवस टिकले, हे चित्रपटगृहाच्या मालकांना विचारण्याचा धीर आम्हांला झालेला नाही.

जाता जाता एक गोष्ट सांगायची राहिली. बाबूरावांनी 'सावकारी पाश' सोडला नव्हता. एकदा आपटून झाल्यावर, अकरा वर्षांनी, १९३६ साली त्यांनी तोच चित्रपट त्याच नावाने पुन्हा काढला, या वेळी बोलका. मुंबईचे निर्माते जे. बी. एच. वाडिया यांनी लिहून ठेवले आहे की मूकपटाची त्यांना पुसटशीच आठवण होती, पण हा बोलपट पाहिल्यावर बाबूराव केवढा कलावंत आहे हे त्यांना कळले. त्यांच्या मनात राहून गेले ते शेतकऱ्याचे खोपट. आत जवळजवळ काळोख, आणि रडणारे एक कुत्रे.

काल त्या गृहस्थांना हे सांगायला हवे होते. पण तोवर ते काठी टेकीत रस्त्याला लागले होते.